मलयाळम् चित्रपट

मलयाळम् चित्रपट : केरळ राज्याच्या मलयाळम् भाषेत निर्माण होणारे चित्रपट. भारतातील प्रमुख प्रादेशिक चित्रपटांत मलयाळम् चित्रपटाचा उदय तुलनेने उशिरा झाला आणि पहिली दोन-अडीच दशके त्याची प्रगतीही मंद होती. तथापि १९५०च्या सुमारास त्याने जी वाट धरली, ती त्याला थोड्याच काळात देशातील अग्रगण्य चित्रपटांच्या पंक्तीत घेऊन गेली. या उत्कर्षाचे मूळ चित्रणगृहांत किंवा भांडवलात शोधू गेल्यास सापडत नाही. ते केरळच्या वाचनसंस्कृतीत, खेडोपाडी पसरलेल्या ग्रंथालयांत, राजकीय नाट्यचळवळीत आणि पुढे चित्रपट मंडळांत आहे. या चित्रपटाचा प्रेक्षक प्रथम वाचक होता, ही गोष्ट ध्यानात घेतली, तर त्याचे गुण जसे उलगडतात तशा त्याच्या मर्यादाही स्पष्ट होतात. जातिव्यवस्था व स्त्रीचे स्थान या प्रश्नांवर या चित्रपटाने जितके धीटपणे भाष्य केले, तितक्याच ठळकपणे त्या प्रश्नांनी त्याच्या स्वतःच्या व्यवहारावरही सावली धरली आहे.

या सावलीची सुरुवात पहिल्याच चित्रपटापासून होते. जे. सी. डॅनियल यांनी तिरुवनंतपुरम् येथे ‘त्रावणकोर नॅशनल पिक्चर्स’ ही संस्था काढून *विगतकुमारन्* (हरवलेला मुलगा) हा मूकपट तयार केला. त्याच्या प्रदर्शनाचे वर्ष १९२८ की १९३०, याविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत. डॅनियल यांनी त्यापूर्वी मद्रास व मुंबई येथे जाऊन चित्रपटनिर्मितीची माहिती मिळविली होती. जमीन विकून उभारलेल्या पैशातून काढलेल्या या चित्रपटाचे लेखन, दिग्दर्शन व छायालेखन त्यांनी स्वतःच केले आणि नायकाची भूमिकाही केली. दादासाहेब फाळके यांच्या *राजा हरिश्चंद्र* (१९१३) पासून भारतात पौराणिक मूकपटांची जी परंपरा रुजली होती, ती सोडून डॅनियल यांनी सामाजिक कथानक निवडले, हे विशेष होय. नायिकेची भूमिका पी. के. रोझी या दलित समाजातील स्त्रीने केली. ती मोलमजुरी करणारी व लोकनाट्यात काम करणारी होती. पडद्यावर तिने नायर कुटुंबातील युवतीची भूमिका केल्याचे प्रेक्षकांतील उच्चवर्णीयांना सहन झाले नाही. तिरुवनंतपुरम्‌च्या कॅपिटॉल चित्रपटगृहात खेळ चालू असता पडद्यावर दगडफेक झाली. रोझीला गाव सोडून पळून जावे लागले. पुढील आयुष्य तिने तमिळ प्रदेशात अज्ञातवासात काढले. डॅनियल कर्जबाजारी झाले. त्यांनी पुन्हा चित्रपट काढला नाही. १९७५ मध्ये त्यांचे निधन झाले, तेव्हा त्यांच्या कार्याची शासकीय पातळीवर दखलही घेतली गेलेली नव्हती. केरळ शासनाने चित्रपटसेवेबद्दलचा आपला सर्वोच्च पुरस्कार १९९२ पासून त्यांच्या नावाने देण्यास सुरुवात केली. *विगतकुमारन्*ची प्रत आज उपलब्ध नाही. त्रावणकोर संस्थानातील देवळे अवर्णांना १९३६ मध्ये खुली झाली. त्याआधीच्या समाजाचे हे चित्र आहे.

दुसरा मूकपट *मार्तंड वर्मा* (१९३३) हा सी. व्ही. रामन पिळ्ळै यांच्या विख्यात ऐतिहासिक कादंबरीवर आधारलेला होता. कादंबरीच्या प्रकाशकाने हक्कभंगाचा दावा लावून त्याचे प्रदर्शन बंद पाडले. मलयाळम् चित्रपटाचा साहित्याशी आलेला पहिला संबंध असा न्यायालयातून आला. गंमत अशी, की जप्त झाल्यामुळेच हा चित्रपट टिकला. प्रकाशकाकडे पडून राहिलेली त्याची प्रत १९७४ मध्ये पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने मिळविली. या संग्रहालयाची उभारणी करणारे पी. के. नायर हे स्वतः तिरुवनंतपुरम्‌चे होते.

मलयाळम्‌मधील पहिला बोलपट *बालन्* १९३८ मध्ये आला. मराठीतील पहिल्या बोलपटापेक्षा तो सहा वर्षांनी मागे होता. सेलम येथील ‘मॉडर्न थिएटर्स’ या संस्थेने तो काढला, एस. नोट्टाणी त्याचे दिग्दर्शक होते. त्यानंतरच्या दहा वर्षांत मोजकेच बोलपट निघाले आणि त्यांचे तंत्र, संगीत व अभिनयाची धाटणी सर्वस्वी तमिळ चित्रपटाच्या वळणाची होती. १९४७ मध्ये आलप्पुळा येथे ‘उदया’ व पुढे तिरुवनंतपुरम् येथे ‘मेरिलँड’ ही चित्रणगृहे उभी राहिल्यावर निर्मितीला काहीसे स्थैर्य लाभले. मद्रासवरील अवलंबन मात्र पुढे कित्येक वर्षे संपले नाही. *जीवितनौका* (१९५१) या कौटुंबिक चित्रपटाला अभूतपूर्व व्यावसायिक यश मिळाले. परंतु त्यातील गाण्यांच्या चालींवर हिंदी चित्रपटांची छाप होती.

दरम्यान केरळच्या समाजजीवनात मोठी उलथापालथ चालू होती. श्रीनारायण गुरू व अय्यंकाळी यांच्या चळवळींनी जातीच्या उतरंडीला हादरे दिले होते. नायर समाजातील मातृवंशक एकत्र कुटुंबपद्धती कायद्याने मोडकळीस येत होती. शेतकरी व कामगार संघटित होत होते. तकळी शिवशंकर पिळ्ळै, वैक्कम् मुहम्मद बशीर, केशवदेव, उरूब या लेखकांनी हा बदल कथा-कादंबऱ्यांत आणला. ‘केरळ पीपल्स आर्ट्‌स क्लब’ या डाव्या विचारांच्या नाट्यसंस्थेने तोप्पिल भासी यांच्या नाटकांचे प्रयोग गावोगाव केले. पी. एन. पणिक्कर यांनी १९४५ मध्ये सुरू केलेल्या ग्रंथालय संघटनेमुळे वाचनालय हे लहानशा खेड्याचेही सभास्थान बनले. या सर्व वातावरणातून नव्या चित्रपटाचे लेखक, कवी, नट आणि प्रेक्षक तयार झाले.

*नीलक्कुयिल्* (निळी कोकिळा, १९५४) हे या वातावरणाचे पहिले भरीव फळ होय. उरूब यांच्या कथेवरून कवी पी. भास्करन् (१९२४–२००७) व रामू कारियाट (१९२७–७९) यांनी त्याचे दिग्दर्शन केले. श्रीधरन् नायर हा गावातील शाळामास्तर नीली या दलित तरुणीवर प्रेम करतो. ती गरोदर राहिल्यावर मात्र जातीच्या भयाने तिला दूर लोटतो. तिच्या मृत्यूनंतर तिच्या मुलाला गावचा पोस्टमन वाढवतो. पोस्टमनची भूमिका स्वतः भास्करन् यांनी, तर मास्तरची सत्यन् (१९१२–७१) यांनी केली. के. राघवन् यांनी गाण्यांसाठी हिंदी-तमिळ चालींचा आधार टाकून केरळमधील लोकगीतांच्या व माप्पिळा मुसलमानांच्या गीतांच्या चाली घेतल्या. पडद्यावरचे शेत, पाऊस, होडी, चहाचे दुकान आणि बोली प्रेक्षकाला प्रथमच आपली वाटली. चित्रपटाला राष्ट्रपतींचे रौप्यपदक मिळाले. नीलीचे काम मिस कुमारी या त्या वेळच्या लोकप्रिय अभिनेत्रीने केले. दलित स्त्रीचे दुःख पडद्यावर आले, तरी रोझीनंतर दलित स्त्री पडद्यावर आली नाही, याकडे पूर्वीच्या समीक्षेचे फारसे लक्ष गेले नाही.

१९५५ च्या मे महिन्यात *न्यूसपेपर बॉय* प्रदर्शित झाला. पी. रामदास व त्यांचे सहकारी हे महाविद्यालयीन विद्यार्थी होते. छापखान्यातील एका कामगाराच्या कुटुंबाची वाताहत आणि वृत्तपत्रे टाकून पोट भरणारा त्याचा मुलगा, एवढाच त्याचा विषय. इटालियन नववास्तववादाचा त्यावर उघड प्रभाव होता. सत्यजित राय यांचा *पथेर पांचाली* त्यानंतर काही महिन्यांनी आला. दोहोंची कलात्मक तुलना होऊ शकत नाही; रामदास यांचा चित्रपट तंत्रदृष्ट्या कच्चा आहे आणि तो चाललाही नाही. पण राय यांचे काम पाहण्याआधीच केरळमधील काही तरुण याच दिशेने विचार करीत होते, एवढे त्यावरून निश्चित होते.

१९६० नंतरचे दशक साहित्याधारित चित्रपटांचे होय. *मुडियनाय पुत्रन्* (१९६१), बशीर यांच्या कथेवरील *भार्गवी निलयम्* (१९६४), केशवदेव यांच्या कादंबरीवरील *ओडयिल् निन्नु* (१९६५), एम. टी. वासुदेवन् नायर (१९३३–२०२४) यांची पहिली पटकथा असलेला *मुरप्पेण्णु* (१९६५) हे त्यांपैकी काही उल्लेखनीय चित्रपट. या परंपरेचे शिखर म्हणजे रामू कारियाट यांचा *चेम्मीन्* (कोळंबी, १९६५). तकळी यांच्या कादंबरीतील दर्यावर गेलेल्या कोळ्याचे प्राण किनाऱ्यावरील त्याच्या बायकोच्या पातिव्रत्यावर अवलंबून असतात, ही लोकसमजूत आणि करुत्तम्मा व परीकुट्टी या भिन्नधर्मीय युवक-युवतीचे प्रेम यांच्या झगड्यावर हे कथानक उभे आहे. सलिल चौधरी यांचे संगीत, मार्कस बार्टली यांचे छायालेखन, हृषीकेश मुखर्जी यांचे संकलन आणि मन्ना डे यांनी गायिलेले गीत अशा अनेक प्रांतांतील गुणांचा संगम त्यात झाला होता. राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळविणारा तो पहिला दाक्षिणात्य चित्रपट. आज पाहताना त्यातील रंग आणि समुद्र यांची भव्यता कायम जाणवते. मात्र कोळ्यांच्या जीवनाकडे पाहणारी दृष्टी किनाऱ्यावर उभे राहून पाहणाऱ्याची आहे, हेही लपत नाही. कादंबरीतील आर्थिक पिळवणुकीचा धागा चित्रपटात बराच सैल झालेला आहे.

साहित्याच्या या आधाराने कथानके सकस झाली. पण चित्रपट बराचसा संवादांवर आणि चित्रणगृहातल्या भिंतींवर विसंबून राहिला. पी. एन. मेनन यांनी *ओळवुम् तीरवुम्* (लाट आणि किनारा, १९७०) बव्हंशी बाह्यस्थळी चित्रित करून ही चौकट मोडली. गीतांचे क्षेत्र मात्र याच काळात बहरले. वयलार रामवर्मा, पी. भास्करन्, ओ. एन. व्ही. कुरुप यांसारखे मान्यवर कवी चित्रपटगीते लिहीत आणि जी. देवराजन्, एम. एस. बाबुराज यांच्यासारखे संगीतकार त्यांना चाली देत. बाबुराज यांनी हिंदुस्थानी संगीताचा ढंग मलयाळम् गीतात आणला. के. जे. येसुदास यांनी गायिलेले पहिले चित्रपटगीत श्रीनारायण गुरूंच्या जातिभेदविरोधी रचनेचे होते, ही योगायोगाची पण अर्थपूर्ण घटना होय. लोकप्रिय चित्रपटांत प्रेम नझीर, मधू, शीला, शारदा यांची कारकीर्द याच सुमारास भरास आली.

चित्रपटाकडे चित्रपट म्हणून पाहण्याची दृष्टी केरळला दोन ठिकाणांहून मिळाली. पहिले ठिकाण पुणे. प्रभात फिल्म कंपनीच्या जागेत १९६० मध्ये सुरू झालेल्या भारतीय चित्रपट संस्थेत (पुढे भारतीय चित्रपट व दूरचित्रवाणी संस्था) अडूर गोपालकृष्णन् (१९४१– ), जॉन अब्राहम (१९३७–८७), के. जी. जॉर्ज, शाजी एन. करुण (१९५२–२०२५) यांनी शिक्षण घेतले. ऋत्विक घटक काही काळ तेथे अध्यापक होते आणि जॉन अब्राहम यांच्यावर त्यांचा प्रभाव अखेरपर्यंत राहिला. दुसरे ठिकाण म्हणजे अडूर व त्यांच्या मित्रांनी १९६५ मध्ये तिरुवनंतपुरम् येथे स्थापन केलेले ‘चित्रलेखा’ हे चित्रपट मंडळ. त्याच्या अनुकरणाने राज्यभर मंडळे निघाली आणि जेथे पूर्वी पुस्तकांवर चर्चा होत असे, त्या वाचनालयांच्या आवारात बर्गमन, कुरोसावा, आयझेनस्टाइन यांचे चित्रपट दाखविले जाऊ लागले. चित्रलेखाने निर्मितीसाठी सहकारी संस्थाही काढली. सहकाराच्या तत्त्वावर चित्रपटनिर्मिती करणारी ही देशातील पहिली संस्था मानली जाते.

या संस्थेचा *स्वयंवरम्* (१९७२) हा अडूर यांचा पहिला चित्रपट. घरचा विरोध पत्करून एकत्र आलेल्या तरुण जोडप्याचा शहरातील दारिद्र्याशी झगडा त्यांनी गाण्यांवाचून व कमीत कमी संवादांत मांडला. सर्वोत्कृष्ट चित्रपट, दिग्दर्शक, अभिनेत्री (शारदा) व छायालेखन (मंकडा रविवर्मा) असे चार राष्ट्रीय पुरस्कार त्याला मिळाले. पुढच्याच वर्षी एम. टी. वासुदेवन् नायर यांच्या *निर्माल्यम्*ला (१९७३) सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा पुरस्कार लाभला. ओस पडत चाललेल्या देवळातील भगत आयुष्यभर देवीचा संचार अंगात घेतो. घर उपासमारीत बुडालेले आणि बायको सावकाराच्या आहारी गेलेली पाहिल्यावर तो अखेरच्या नाचात आपले कपाळ तलवारीने फोडून घेतो आणि तोंडातील रक्त मूर्तीवर थुंकतो. पी. जे. अँटनी यांचा या भूमिकेतील अभिनय भारतीय चित्रपटातील अविस्मरणीय अभिनयांपैकी एक मानला जातो. असा शेवट पुढील काळात चित्रित करणे सोपे राहिले नसते, असे स्वतः एम. टीं.च्या वाचकांत अनेकदा बोलले गेले आहे.

अडूर यांच्या चित्रपटांत *एलिप्पत्तायम्* (उंदराचा सापळा, १९८१) सर्वांत महत्त्वाचा आहे. १९७० च्या जमीन सुधारणांनी कुळांना जमिनी मिळाल्या आणि मोठमोठ्या नायर घराण्यांची वाडावजा घरे, म्हणजे ‘तरवाड’, आतून पोकळ झाली. अशाच एका घरातील उण्णी हा मध्यमवयीन पुरुष बहिणींच्या कष्टांवर जगतो. अंगणात शिरलेली गाय हाकलायलाही तो उठत नाही. घरातील उंदीर सापळ्यात पकडून तळ्यात बुडविले जातात आणि बहिणी एकामागून एक घरातून नाहीशा होतात : एक हक्कासाठी भांडून, एक पळून जाऊन, एक आजाराने. शेवटी लोक उण्णीलाच बाहेर ओढून त्याच तळ्यात टाकतात. तो ओलाचिंब होऊन, हात जोडून, कसनुसे हसत वर येतो. एका वर्गाच्या अंताची कथा यात कुठेही घोषणा न करता सांगितली आहे. सर्व हालचाल दारे, खिडक्या, कंदील आणि पावलांचे आवाज यांतून उमजते. १९८२ मध्ये ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटचा सदरलँड करंडक त्याला मिळाला. डाव्या चळवळीतील भ्रमनिरासावरचा *मुखामुखम्* (१९८४), बशीर यांच्या कारावासावरील *मतिलुकळ्* (भिंती) आणि सत्ता व गुलामी यांच्यावरील *विधेयन्* (१९९३) हे त्यांचे अन्य महत्त्वाचे चित्रपट. २००४ चा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना देण्यात आला.

जी. अरविंदन् (१९३५–९१) यांची प्रकृती अगदी निराळी. रबर मंडळातील अधिकारी, *मातृभूमी* साप्ताहिकातील व्यंगचित्रमालिकेमुळे घराघरांत पोहोचलेले चित्रकार आणि संगीताचे जाणकार असलेल्या अरविंदन् यांनी संस्थेतील शिक्षणाविनाच चित्रपट केले. *कांचनसीता* (१९७७) मध्ये राम-लक्ष्मणांच्या भूमिका आंध्रमधील आदिवासींनी केल्या आणि सीता ही वारा, पाने व पाणी यांच्या रूपाने दर्शविली. *तंपु* (तंबू, १९७८) मध्ये नदीकाठच्या गावात सर्कस येते, काही दिवस राहते आणि निघून जाते. गोष्ट म्हणावी असे फारसे काही घडत नाही, पण खेळ पाहणाऱ्या गावकऱ्यांचे चेहरे आणि वृद्ध झालेले कलावंत प्रेक्षकाच्या मनातून जात नाहीत. *चिदंबरम्* (१९८५) मध्ये स्मिता पाटील यांनी शिवकामी ही तमिळ मजुराच्या नवविवाहित पत्नीची भूमिका केली. मुन्नारजवळील डोंगराळ पशुपैदास केंद्रात आलेली ही अबोल स्त्री, तिच्याकडे ओढला जाणारा अधिकारी आणि तिच्या पतीची आत्महत्या एवढ्या सामग्रीतून अरविंदन् यांनी पापबोधाची कथा रचली. सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार तिला मिळाला. या चित्रपटांचे छायालेखक शाजी करुण होते. अरविंदन् व अडूर यांच्या अनेक चित्रपटांना कोल्लम येथील काजूचे निर्यातदार के. रवींद्रनाथन् नायर यांनी पैसा पुरविला आणि नफ्याचा विचार केला नाही. असा निर्माता इतर भाषांतील कलात्मक चित्रपटाच्या वाट्याला क्वचितच आला.

जॉन अब्राहम यांनी निर्मात्याचीच गरज नाकारली. ‘ओडेसा’ या गटाच्या साह्याने त्यांनी गावोगाव चित्रपट दाखवून लोकांकडून लहान लहान वर्गण्या जमविल्या आणि *अम्म अरियान्* (आईला कळावे म्हणून, १९८६) पूर्ण केला. एका तरुण नक्षलवाद्याच्या मृत्यूची बातमी त्याच्या आईला सांगण्यासाठी मित्रांचा एक मेळा वायनाडपासून कोचीपर्यंत प्रवास करतो आणि वाटेवर प्रत्येक घरातून आणखी एक जण त्यात सामील होतो. कृती विस्कळीत आहे. तिची ताकदही बहुधा त्या विस्कळीतपणातच आहे. पुढच्याच वर्षी जॉन यांचे अपघाती निधन झाले. शाजी करुण यांच्या *पिरवि* (१९८८) मध्ये अशीच एक प्रतीक्षा आहे. १९७६ मध्ये आणीबाणीच्या काळात पोलिसांनी ताब्यात घेतलेला राजन हा अभियांत्रिकीचा विद्यार्थी घरी परतला नाही. त्या प्रकरणाची छाया या चित्रपटावर आहे. म्हातारा बाप रोज पावसात वाट पाहत राहतो. कान येथील महोत्सवात या चित्रपटाचा विशेष गौरव झाला. त्यांचा *स्वम्* (१९९४) त्या महोत्सवाच्या मुख्य स्पर्धेत होता.

केवळ या कलात्मक चित्रपटांवरून मलयाळम् चित्रपटाचे मूल्यमापन केल्यास ते अपुरे ठरेल. १९७५ ते १९९० या काळात भरतन्, पद्मराजन् (१९४५–९१) व के. जी. जॉर्ज यांनी जो मध्यममार्गी चित्रपट घडविला, त्यात सामान्य प्रेक्षक आणि गंभीर आशय यांची खरी गाठ पडली. जॉर्ज यांच्या *यवनिका* (१९८२) मध्ये फिरत्या नाटक मंडळीतील तबलजी बेपत्ता होतो आणि पोलीस तपासाच्या निमित्ताने पडद्यामागचे जग उघडे पडते. *आदामिंटे वारियेल्लु* (आदमची बरगडी) मध्ये त्यांनी तीन थरांतील तीन स्त्रियांच्या कथा गुंफल्या आहेत. तिच्या शेवटी सुधारगृहातील स्त्रिया दार फोडून धावत सुटतात आणि चित्रीकरण करणाऱ्या मंडळींना, खुद्द दिग्दर्शकालाही, बाजूला सारून पुढे निघून जातात. पद्मराजन् यांच्या *नमुक्कु पार्क्कान् मुंतिरित्तोप्पुकळ्* (१९८६) मधील नायक अत्याचाराला बळी पडलेल्या नायिकेचा क्षणाचाही विचार न करता स्वीकार करतो; त्या काळच्या भारतीय चित्रपटात हा अपवाद होता. सत्यन् अंतिक्काड व लेखक-नट श्रीनिवासन् यांनी बेकारी, पक्षीय भांडणे आणि आखाती देशांतून परतलेल्यांची फजिती यांवर विनोदी चित्रपट काढले. *वरवेल्पु* (१९८९) व *संदेशम्* (१९९१) यांतील विनोदाला केरळमधील राजकारणाचे नेमके भान आहे. मम्मूट्टी व मोहनलाल हे दोन नट याच काळात पुढे आले आणि मोहनलाल यांना २०२३ चा फाळके पुरस्कार मिळाला.

याच नटांच्या लोकप्रियतेने पुढील दशकात चित्रपटाची दिशा बदलली. १९९३ नंतर खाजगी दूरचित्रवाणी घरोघर आली, कौटुंबिक प्रेक्षक घटला आणि निर्माते नायकाच्या वलयावर अवलंबून राहू लागले. *देवासुरम्* (१९९३) पासून जमीनदारी थाटाचा, मिशांना पीळ देणारा नायक लोकप्रिय झाला. अडूर यांनी ज्या वाड्याचे कुजणे दाखविले होते, तोच वाडा आता वैभवाचे प्रतीक म्हणून परतला आणि स्त्रीला दटावणारे संवाद टाळ्या घेऊ लागले. २००० च्या सुमारास तर अनेक चित्रपटगृहे हलक्या दर्जाच्या कामोत्तेजक चित्रपटांवर तगून होती. या पडत्या काळातही टी. व्ही. चंद्रन् यांच्यासारखे दिग्दर्शक काम करीत राहिले. मुरली नायर यांच्या *मरण सिंहासनम्*ला १९९९ मध्ये कान येथे पहिल्या चित्रपटासाठीचा ‘कॅमेरा दोर’ हा पुरस्कार मिळाला. १९९६ पासून भरणाऱ्या केरळ आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाने चित्रपट मंडळांची परंपरा नव्या पिढीकडे सोपविली.

*ट्रॅफिक* (२०११) पासून नव्या वळणाची सुरुवात मानतात. अंकीय कॅमेऱ्यांमुळे खर्च घटला, अनेक पात्रांच्या कथा आल्या आणि कोची, इडुक्की, अंगमाली यांची बोली व खाणेपिणे यांचे बारकावे दिसू लागले. दिलीश पोत्तन, लिजो जोस पेल्लिशेरी, राजीव रवी हे या पिढीतील प्रमुख दिग्दर्शक होत. राजीव रवी यांच्या *कम्मट्टिप्पाडम्* (२०१६) मध्ये एर्नाकुलम् शहर कोणाच्या जमिनींवर उभे राहिले, हा प्रश्न दलित तरुणांच्या बाजूने विचारला आहे. *द ग्रेट इंडियन किचन* (२०२१, दिग्दर्शक जिओ बेबी) हा जवळजवळ संपूर्ण स्वयंपाकघरात घडतो. चिरणे, वाटणे, खरकटी उचलणे, गळक्या नळाखालचे घाण पाणी उपसणे ही कामे इतक्या वेळा आणि इतका वेळ दाखविली आहेत, की प्रेक्षकाला शिसारी येते, आणि तोच दिग्दर्शकाचा हेतू आहे. टाळेबंदीच्या काळात चित्रपटगृहांऐवजी आंतरजालावरून प्रसारित झालेल्या या चित्रपटाने केरळबाहेरही घरोघर वाद निर्माण केले.

पडद्यामागचे वास्तव याच सुमारास उघडकीस आले. २०१७ मध्ये एका अभिनेत्रीवर झालेल्या अत्याचारानंतर चित्रपटक्षेत्रातील स्त्रियांनी ‘विमेन इन सिनेमा कलेक्टिव्ह’ ही संघटना स्थापन केली. तिच्या मागणीवरून राज्य शासनाने न्यायमूर्ती के. हेमा यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. समितीने २०१९ अखेर दिलेला अहवाल ऑगस्ट २०२४ मध्ये, काही भाग वगळून, प्रसिद्ध झाला. कामाच्या मोबदल्यात लैंगिक मागण्या, स्वच्छतागृहे व कपडे बदलण्याच्या सोयींचा अभाव, तक्रार करणाऱ्यांवरील अघोषित बहिष्कार यांची त्यातील वर्णने पुरोगामी म्हणून मिरविणाऱ्या या क्षेत्राला लाजिरवाणी होती. नटांच्या संघटनेच्या कार्यकारिणीला राजीनामा द्यावा लागला. स्त्री दिग्दर्शकांची संख्या अद्याप अल्पच आहे. विधू विन्सेंट यांना सफाई कामगारांवरील *मॅनहोल*साठी २०१६ चा सर्वोत्कृष्ट दिग्दर्शनाचा राज्य पुरस्कार मिळाला, तेव्हा तो मिळविणाऱ्या त्या पहिल्या स्त्री ठरल्या. हे पुरस्कार १९६९ पासून दिले जात होते. स्त्री-कलावंतांच्या उपर्युक्त संघटनेने आपल्या चित्रपट मंडळाला पी. के. रोझी हिचे नाव दिले आहे.

केरळबाहेर गेलेला मलयाळी माणूस हाही या चित्रपटाचा जुना विषय आहे. *विल्क्कानुंडु स्वप्नङ्ङळ्* (१९८०) ते *आडुजीवितम्* (२०२४) अशी आखाती स्थलांतरावरील चित्रपटांची परंपराच आहे. मुंबईतील मलयाळी परिचारिकांच्या जीवनावरील *ऑल वुई इमॅजिन ॲज लाइट* (२०२४) हा पायल कपाडिया यांचा बव्हंशी मलयाळम् चित्रपट. त्यांचेही शिक्षण पुण्याच्या संस्थेतच झालेले आहे. छाया कदम यांनी त्यात चाळीतील घर गमावून रत्नागिरीकडील आपल्या गावी परतणाऱ्या पार्वतीची भूमिका केली आहे. *स्वम्*नंतर तीस वर्षांनी कानच्या मुख्य स्पर्धेत गेलेला हा पहिला भारतीय चित्रपट असून त्याला ‘ग्राँ प्री’ हा दुसऱ्या क्रमांकाचा सन्मान मिळाला.

जतनाच्या बाबतीत परिस्थिती समाधानकारक नाही. केरळच्या दमट हवेत फिती लवकर खराब होतात. पहिल्या तीन दशकांतील अनेक चित्रपट केवळ गीतपुस्तिकांवरून व जाहिरातींवरून माहीत आहेत आणि १९७०–८० मधील काही महत्त्वाच्या कृतींच्या मूळ निगेटिव्हही नष्ट झाल्या आहेत. मुंबईच्या ‘फिल्म हेरिटेज फाउंडेशन’ या संस्थेने उपलब्ध प्रतींवरून अरविंदन् यांच्या *कुम्माट्टी* व *तंपु* यांचे पुनरुज्जीवन करण्यात पुढाकार घेतला. त्यांपैकी *तंपु* २०२२ मध्ये कान येथे दाखविण्यात आला.